गालातला पांढरा डाग

निजामाच्या शेवटच्या दिवसांत सारा गाव रझाकारांना भीत होता आणि मी माझ्या गालातल्या पांढऱ्या डागाला. मी तेव्हा नवी सून. मशेरीनं दात काळे केले की बाई पोक्त दिसते, एवढीच माझी अक्कल! त्यापायी सासूबाईंपेक्षा जास्त मशेरी मीच घासायची.

येरमाळ्याच्या बाजारात एक बाई तव्यावर तंबाखू भाजून मशेरी विकायची. तिचा एक हात उलथन्यावर, तर दुसरा गालावर पदर दाबून धरलेला. एकदा धीर करून मी तिला डाग दाखवला.

"दुखतोय का गं पोरी?"

"न्हाय मावशी, जरासुदिक न्हाय," मी ऐटीत सांगितलं.

"माझाबी दुखत नव्हता," असं म्हणून तिनं पदर बाजूला केला. तिच्या गालाला आरपार भोक पडलं होतं.

पदर पुन्हा दाबून ती ओरडली, "घ्या, ताजी मशेरी!"

मी रिकाम्या हातानं घरी पळाले. मशेरी सुटली, डागही हळूहळू गेला. आता नातवंडं माझ्या दुखऱ्या गुडघ्यांची काळजी करतात. गुडघे दुखू देत की! जे दुखत नाही, त्याचीच मला धास्ती वाटते.