तोंडाला फासायचं श्रीखंड

मिशिगनच्या मराठी मंडळाचा पाडवा जवळ आला की नोव्हाय गावच्या पद्मिनीकाकू तळघरातल्या पाइपला चक्का टांगायच्या. इथलं विकतचं दही गुळमुळीत, म्हणून विरजणसुद्धा घरचंच. काकूंनी कधी नोकरी केली नाही, गाडी चालवायला त्या धजावल्या नाहीत. मंडळात त्यांचा जो काही मान होता, तो त्या श्रीखंडात होता. पाडव्याचा नैवेद्य काकूंचा, हे ठरलेलंच.

सत्त्याऐंशी साली चारुदत्त नावाच्या नव्या इंजिनिअरने टूम काढली. मराठी नाटक मुलांना कळत नाही, इंग्रजी सिनेमा देशातून आलेल्या आईवडिलांना कळत नाही; तर लायब्ररीतून जुने मूक विनोदी सिनेमेच आणू. सगळ्यांनी माना डोलावल्या.

पाडव्याला शाळेच्या हॉलमध्ये प्रोजेक्टर खडखडू लागला. पडद्यावर एक जाड्या दुसऱ्याच्या पेकाटात लाथ घालतोय, म्हातारी चिखलात आपटतेय. मग सायीने भरलेल्या बशाच्या बशा एकमेकांच्या थोबाडावर! नाकाडोळ्यांतून साय ओघळतेय आणि हॉल खिदळतोय. काकूंनी किळसून तोंड फिरवलं. त्यांचे यजमान श्रीरंगराव तर मांडी थोपटत हसत होते.

"अहो, अन्न आहे ते!"

"अगं, सिनेमा आहे तो!"

दिवे लागले तसा चारुदत्त दोस्त नंदूला घेऊन, हातात रिकामा वाडगा धरून थेट श्रीखंडाच्या पातेल्याशी आला. "काकू, थोडं घेतो हं. आता लाइव्ह शो! मी नंदूच्या तोंडावर, नंदू माझ्या."

"अरे, नैवेद्य व्हायचाय अजून."

"देवाचं बाजूला काढा ना. कॉमेडी आहे यार, काकू!"

"कम ऑन, काकू!" पोरं ओरडली.

काकूंनी यजमानांकडे पाहिलं. ते म्हणाले, "दे गं, एवढं काय त्यात!"

या वाक्याची त्यांना सिनेमापेक्षा जास्त किळस आली. त्यांनी देवाच्या तसबिरीपुढे पाण्याचं चौकोनी मंडल केलं, पातेलं उचलून त्यावर ठेवलं, डोळे मिटून नैवेद्य दाखवला. मग श्रीखंडाने भरलेला डाव पुढे केला.

"घे आता. प्रसाद झालाय. फास नंदूच्या तोंडाला."

चारुदत्तची देशातून आलेली आई पहिल्याच रांगेत बसली होती. त्याने तिच्याकडे पाहिलं, डावाकडे पाहिलं आणि वाडगा टेबलावर ठेवला. पोरं "बोअरिंग!" म्हणत पांगली.

काकूंनी सगळ्यांना वाढलं, चारुदत्तलाही. श्रीरंगरावांनी पानातलं चाटूनपुसून संपवलं. "आणखी थोडं वाढ गं."

"पोटभर हसलात ना? पुरे," म्हणून काकू पुढच्या पानाकडे वळल्या.