झिल्फाच्या बागेवरची कुऱ्हाड

माझ्या लिखाणाने आजवर कोणाचं काही बिघडलं नव्हतं. बिघडावं इतकं ते कोणी वाचतच नव्हतं. बायकांना मालमत्तेचा हक्क मिळावा म्हणून लिहिलं, तेव्हा पाद्रीबुवांनी शुद्धलेखनाचं कौतुक केलं. गुलामगिरीविरुद्ध लिहिलं, तेव्हा माझ्या नवऱ्याने त्या कागदात भोपळ्याचं बी बांधून ठेवलं. मग दारूबंदीच्या मासिकात मी एक गोष्ट लिहिली आणि शेजारच्या ओबेड ट्रास्कने ती वाचली.

ओबेडची बायको झिल्फा. व्हर्माँटच्या डोंगरातल्या आमच्या गावात तिच्याइतकी कमी बोलणारी बाई नाही आणि माझ्याइतकी जास्त बोलणारीही नाही, म्हणून आमचं जमायचं. लग्न होऊन आली तेव्हा तिने माहेरच्या सफरचंदांच्या काड्या आणल्या होत्या, वाळू नयेत म्हणून बटाट्यांत खोचून. सासूने ते बटाटे उकडायला मागितले. झिल्फा ‘नाही’ म्हणाली. सासूला ती ‘नाही’ म्हणाल्याची दुसरी नोंद गावात नाही. त्या काड्यांची कलमं तिने स्वतः बांधली. मुलं झाली नाहीत, बाग झाली.

फळ तुरट, नुसतं खाववत नाही, पण सायडर उत्तम व्हायची. ही घरची दारू ओबेड पाण्यासारखी प्यायचा, पाणी मात्र जपून वापरायचा. तो कधी हात उगारत नसे. बर्फात कुठेतरी पडून राही आणि झिल्फा त्याला शोधून ओढत आणी.

माझ्या गोष्टीतला शेतकरी शुद्धीवर येऊन आपली सगळी सफरचंदाची झाडं तोडतो. मला ती तोडायला दुपारच्या चहापर्यंतचा वेळही लागला नव्हता.

मार्चमधल्या एका सकाळी झिल्फा माझ्या स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली. हाताला पीठ तसंच.

“लुसिंडा, तो कुऱ्हाडीला धार लावतोय.”

“बरं मग?”

“तुझ्या गोष्टीतल्यासारखं करणार म्हणतो. सगळी झाडं. चल, त्याला सांग काहीतरी.”

“काय सांगू?”

“ते तू बघ. एरवी एवढं सुचतं ना तुला!”

मला पाहताच ओबेडने टोपी काढली. “या वेल्डबाई! पहिला घाव तुमच्या हातचा.”

“ओबेड, झाडांनी काय केलंय? दोष पिणाऱ्याचा.”

त्याने डोळे मिटले आणि म्हणाला, “‘ज्या फांद्यांवर वसंतात फुलं हसतात, त्याच फांद्यांना शरदात विधवांचे अश्रू लगडतात.’ हे कोणी लिहिलं?”

मी झाडं विसरले. माझं वाक्य कोणाला तरी तोंडपाठ होतं! ते किती वाईट आहे हेही ऐकताना कळलं, पण आनंद तसूभर कमी झाला नाही. “त्याच्या पुढचंही येतं का?” मी विचारलं.

झिल्फाने माझ्या पायावर पाय दिला.

“अहो, ती गोष्ट आहे,” मी भानावर आले. “मनाने रचलेली. असा शेतकरी नव्हताच कुठे. फळं डुकरांना घाला, शिरका करा. झिल्फाच्या शिरक्यात अख्ख्या गावाच्या काकड्या मुरतात.”

“नव्हताच?”

“नव्हता.”

“म्हणजे सुटला नाही कोणी त्यातून?” त्याने कुऱ्हाड ओंडक्याला टेकवली. “ती वाचल्यापासून मी थेंब घेतला नाही, बाई. संध्याकाळी हात थरथरायला लागले की म्हणतो, त्याला जमलं, मलाही जमेल. आणि तुम्ही म्हणता तो माणूसच नव्हता.” त्याची नजर तळघराच्या दाराकडे गेली. आत भरलेली पिंपं होती. “मग मी कशाला जीव जाळतोय?”

मी तोंड उघडलं. तोवर झिल्फाच पुढे झाली.

“होता तो माणूस,” झिल्फा म्हणाली. “हिच्या माहेरचा. नाव फुटू नये म्हणून ही अशी बोलतेय. हो ना गं?”

तिने माझ्याकडे असं पाहिलं की मी म्हणाले, “हो. मामांचा शेजारी.”

“अजून आहे?” ओबेडने विचारलं.

“आहे की! ठणठणीत. हल्ली कोबी लावतो.”

ओबेड हसला आणि टोपी डोक्यावर घातली.

“अगं, पण तुझी झाडं?” मी झिल्फाला बाजूला ओढून पुटपुटले.

“मला वाटलं होतं, तो आणि झाडं, दोन्ही वाचतील,” ती म्हणाली. मग मोठ्याने, “ओबेड, नुसत्या कुऱ्हाडीने उद्यापर्यंत चालेल हे. मोठी करवत काढ. एक टोक मी धरते.”

कुठल्या झाडापासून सुरुवात करायची तेही तिनेच दाखवलं. मला फांद्या ओढायचं काम मिळालं. समाजसुधारणेच्या कामात माझा घागरा फाटला तो हा एकदाच.

त्या वर्षी गावात शिरका मिळेना. बायका चर्चमध्ये माझ्या बाकावर बसेनाशा झाल्या. दारूबंदी मंडळाच्या अध्यक्षीणबाई म्हणाल्या, “पुढच्या वेळी शेतात न उगवणाऱ्या एखाद्या गोष्टीवर लिहा.” बाकावर माझ्या शेजारी झिल्फा आणि तिच्यापलीकडे ओबेड, एवढेच असतात. दर रविवारी प्रार्थना संपली की ओबेड पुढे वाकून विचारतो, “वेल्डबाई, कसा आहे तो?” मग मी कोबीवाल्याची खबर देते. एवढा नेमाने वाचणारा वाचक मला दुसरा नाही. मागे, कथेत थोडा ताण हवा म्हणून मी कोबीवाल्याला खोकला लावला. ओबेडचा चेहरा उतरला आणि झिल्फाचं कोपर माझ्या बरगडीत बसलं. मी घाईघाईने त्याला तिथेच, बाकावरच, बरा केला.