करुणाबाईंनी न सांगितलेले फोन

पुंडलिकनगरातल्या करुणाबाईंना गुप्तहेरांच्या त्या मालिकेत एकच गोष्ट खटकायची: त्यातल्या बायका फार बोलत. दिल्लीची एक यंत्रणा, परदेशातली दुसरी, दोन्हींकडच्या हेर बायका एकमेकींच्या मागावर. आणि काही महत्त्वाचं कळलं रे कळलं की यांचा आधी मैत्रिणीला फोन! "हिला आमच्या खात्यात कुणी पाणी द्यायलाही ठेवलं नसतं," असं करुणाबाई म्हणत आणि शेजारची मंजुषा हसून लोळत असे.

करुणाबाई टेलिफोन खात्यात सदतीस वर्षं होत्या. त्यातली पहिली वीस ऑपरेटर म्हणून. फुलंब्री, बिडकीनला फोन करायचा तर तो तेव्हा आधी नोंदवावा लागे, मग या जोडून देत. लाइन लागली का हे पाहायला थोडं ऐकावंच लागे, आणि माणसं तर ओरडूनच बोलत. कुणाची बदली, कुणाचं बाळंतपण, कोण कुणावर रुसलंय, सगळं कानावरून जाई. पण ऐकलेलं बाहेर सांगणार नाही असं त्यांनी पहिल्या दिवशी लिहून दिलं होतं. त्यांचे यजमान मोतीराम यांना स्वतःच्या सख्ख्या बहिणीचं लग्न ठरल्याचं पाच दिवसांनी पत्रानं कळलं. तो फोन करुणाबाईंनीच जोडला होता.

मालिका मंजुषाच्या टीव्हीवरच दिसे. करुणाबाईंकडे ते चॅनेल येत नव्हतं. दहा भागांपैकी आठ दोघींनी मिळून पाहिले. आठव्याच्या शेवटी नायिका रूपा हिला गोळी लागली, आणि मंजुषानं टीव्हीचा आवाज कमी केला. तिच्या लेकीला, अपेक्षाला, फुलंब्रीचं स्थळ आलं होतं.

"मावशी, फुलंब्रीचे अप्पाराव आठवतात? धान्याचे व्यापारी. मुलाचे आजोबा."

"नाव ऐकलंय."

"त्यांचे फोन तुमच्याच हातून जायचे. काही भानगड होती का घरात?"

"नाय आठवत गं."

"व्वा! तिसऱ्या भागात रूपानं कुठल्या रंगाची पर्स बदलली ते आठवतं, आणि हे नाय?"

"पर्स माझ्या कानात बोलली नव्हती."

अप्पारावांचे फोन करुणाबाईंना चांगले आठवत होते. दर मंगळवारी, सकाळी अकराच्या सुमारास. पुढचं त्यांनी कुणालाच सांगितलं नाही, त्यामुळे इथंही लिहिता येत नाही. अपेक्षाचं वाईट होण्यासारखं त्यात काही असतं, तर 'हे स्थळ नको' एवढं त्या नक्की म्हणाल्या असत्या. तसं काही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी शिऱ्याची वाटी मंजुषाकडून रिकामी परत आली. चिमूटभर साखरही नाही. करुणाबाई काय ते समजल्या. संध्याकाळी सात वाजता शेजारचं दार बंद होतं. आतून मालिकेचं सुरुवातीचं संगीत ऐकू आलं आणि लगेच आवाज बारीक झाला. नववा भाग गेला. रूपा जगली की मेली, याच विचारात त्यांचं जेवण झालं. गप्प राहण्याची एवढी किंमत सदतीस वर्षांत त्यांना कधी मोजावी लागली नव्हती. आणि उद्या तर शेवटचा भाग.

त्या 'उद्या'ला दुपारी चार वाजता मंजुषा मागच्या दारानं आली. "माझा मिक्सर नेते," एवढंच म्हणून ती स्वयंपाकघरात वायर गुंडाळू लागली. तेवढ्यात पुढच्या दाराची घंटा वाजली. द्वारकाबाई, अप्पारावांची लेक, म्हणजे मुलाची आत्या, पिशवीभर मोसंबी घेऊन फुलंब्रीहून आल्या होत्या.

"तुम्ही फोनवाल्या ना? शेजारीण म्हणून इचारते. मुलीच्या आईचं माहेर इथलंच. लग्नाआधी तिचे काही फोन-बिन?"

स्वयंपाकघरातली खुडबुड थांबली.

मंजुषा लग्नाआधी दोन वर्षं दर गुरुवारी बिडकीनच्या एका किराणा दुकानात फोन लावत असे, आणि दुकानदार अभयला, म्हणजे तिच्या आताच्या नवऱ्याला, बोलावून आणत असे. पुढं रीतसर पाहण्याचा कार्यक्रम झाला, तेव्हा दोघं अनोळख्यासारखी बसली. "आमच्या अभयनं मान वर करून पाहिलं नव्हतं," असं तिच्या सासूबाई अजून सांगतात. हे मंजुषानंच पुढं आपणहून सांगितलं, म्हणून लिहायला हरकत नाही.

"बाई, मी फोन जोडले," करुणाबाई म्हणाल्या. "कोण काय बोललं ते तिथंच राहिलं."

"एवढंबी नाय सांगणार?" द्वारकाबाईंनी दोन मोसंबी टेबलावर ठेवली.

"तुमच्या अप्पारावांचंही मी कुणाला नाय सांगितलं."

द्वारकाबाईंचा हात पिशवीतच थांबला. "म्हंजी? त्यांचं कुणी इचारलं व्हय?"

"तेही नाय सांगणार."

द्वारकाबाईंनी थोडा विचार केला आणि पिशवीतली आणखी चार मोसंबी काढून टेबलावर ठेवली.

मंजुषा मिक्सरशिवाय बाहेर आली. चेहरा लाल. "मी मुलीची आई. चहा टाकते, मग काय विचारायचं ते मलाच विचारा," ती म्हणाली. चहा झाला, विचारणं झालं, आणि सातला तिघी मंजुषाच्या टीव्हीसमोर बसल्या.

"अगं, रूपा वाचली का काल?" करुणाबाईंनी घाईघाईनं विचारलं.

"नाय बाई आठवत," मंजुषा म्हणाली आणि रिमोट पदराखाली धरून बसली.

"सांग की गं! मी कुणाला नाय सांगत."