पुण्याला जाऊन येणारं लायसन्स

जर्मनीत, झिंडेलफिंगेनमधली माझी प्रोबेत्साइट संपत आली होती, म्हणजे मला नोकरीवर कायम ठेवायचं की नाही ते ठरणार होतं. दुपारी विभागप्रमुखांना ब्रेक पेडलचं सिम्युलेशन चालवून दाखवायचं होतं. बायकोने माझ्यासाठी पुण्यातली नोकरी सोडली होती. मुलगी किंडरगार्टनमध्ये रुळून मलाही ‘नाही’ऐवजी जर्मन ‘नाइन’ म्हणायला लागली होती. आणि त्याच सकाळी सॉफ्टवेअर म्हणालं, लायसन्स सर्व्हर सापडत नाही.

बाकी सगळ्यांचं सुरळीत चालू होतं. लायसन्स, म्हणजे सॉफ्टवेअर वापरायची परवानगी, वाटणारा सर्व्हर आमच्याच इमारतीच्या तळघरात, माझ्या पायाखाली! पुण्याहून बरोबर आणलेल्या लॅपटॉपला मी मनातल्या मनात शिव्या घातल्या, केबल बदलून पाहिली. शेजारचा जर्मन सहकारी “आल्झो, माझं तर चालतंय” एवढंच सांगून कॉफी प्यायला गेला. असा राग आला मला त्याचा!

शेवटी सर्व्हरचं नाव टाइप करून, तू नक्की कुठे जातोयस ते लॅपटॉपलाच विचारलं. उत्तरात आलेला पत्त्याचा आकडा पाहून मी उडालोच. तो पुण्याच्या ऑफिसातला होता.

तिथल्या जुन्या सिनियरना फोन लावला.

“अरे, तो सर्व्हर आम्ही कालच बंद केला,” ते म्हणाले. “तू अजून इथूनच लायसन्स घेत होतास? कमाल आहे! होस्ट्स फाइल बघ तुझी. जर्मनीचा सर्व्हर इथून स्लो पडायचा, म्हणून मीच तुझ्या मशीनवर आपला पत्ता टाकला होता.”

फाइल उघडली. साधी, नोटपॅडमध्ये मावणारी. एका ओळीत पत्ता आणि सर्व्हरचं नाव, वर रोमन लिपीत त्यांची टीप: काढू नकोस. मी थक्क होऊन बघत राहिलो. कुठलंही नाव आलं की यंत्र बाहेरच्या जगाला विचारण्याआधी या एवढ्याशा फाइलला विचारतं आणि ती सांगेल ते मुकाट्याने खरं मानतं. मी इथे बर्फातून बस पकडून यायचो, मशीन सुरू करायचो, आणि ते पायाखालचं तळघर सोडून रोज पुण्याला जायचं, तिथली परवानगी आणायचं, मग कामाला लागायचं. मला याची गंधवार्ता नव्हती. सकाळी जरा वेळ लावतं, एवढीच माझी तक्रार असायची.

“आता काढून टाक ती ओळ,” सिनियर म्हणाले.

डिलीटवर बोट जाईना. ओळीच्या सुरुवातीला मी # हे चिन्ह टाकलं. ते असलं की मशीन ती ओळ वाचत नाही, पण ओळ जागच्या जागी राहते. लायसन्स क्षणात आलं, पूर्वी कधीच आलं नव्हतं इतकं पटकन.

दुपारी पेडल हवं तसं वाकलं, विभागप्रमुख “गेनाऊ”, अगदी बरोबर, म्हणाले आणि मी कायम झालो.

घरी सांगितलं तेव्हा बायकोला आनंद झाला. “म्हणजे आता परत जायचं नाही?” मग तिने विचारलं. मी तिला त्या ओळीबद्दल सगळं सांगितलं.

“असू दे ती,” ती म्हणाली. “काढू नकोस.”