बाईंचं एक वाक्य

पुण्यात जर्मन शिकले तेव्हा वाटलं होतं, जर्मनीला जाईन. लग्न झालं आणि आले योकोहामाला. त्या जर्मनचा उपयोग आयुष्यात एकदाच झाला, आणि तोही असा की नको झालं.

आमच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर सत्तरीच्या, फक्त जर्मन बोलणाऱ्या एक बाई मुलीकडे राहायला आल्या. व्हिएन्ना, म्युनिक, झुरिक, सगळीकडे चाळीस वर्षं सिनेमात आणि टीव्हीवर काम केलेल्या. मुख्य भूमिका एकच, पहिल्या सिनेमात. पुढे शेजारीण, नर्स, आणि गुन्हेगारी मालिकांमध्ये पहिल्या पाच मिनिटांत मरणारी बायको. हे मला लिफ्टमध्ये, कोंबिनीच्या, म्हणजे कोपऱ्यावरच्या दुकानाच्या रांगेत, कचरा वेगळा करताना इतक्या वेळा ऐकवलं, की त्यांची सगळी मरणं मला क्रमाने पाठ झाली.

मी तेव्हा बायतो करायचे, म्हणजे फावल्या वेळातलं काम. परदेशात घडलेल्या घटना इथल्या स्टुडिओत पुन्हा रचून टीव्हीवर दाखवतात, त्यात गर्दीत उभे करायला आमच्यासारखे परदेशी चेहरे लागतात. एकदा कुठे बाईंजवळ बोलून गेले. झालं! दुसऱ्या दिवसापासून माझ्या मानगुटीवर. मलाही न्या, मलाही न्या. पाच वर्षांच्या नातीला फक्त जपानी यायचं, आजीला त्यातलं अक्षर यायचं नाही. दोघींचा सगळा कारभार खाणाखुणांवर.

"तिला वाटतं, मी मुकी आहे," बाई म्हणाल्या. "एकदा तरी तिनं मला बोलताना ऐकावं."

नेलं, काय करणार! त्यांना शेजारणीचं काम मिळालं. वाक्य एकच: ते दार कालपासून बंद आहे. दिग्दर्शकानं मला सांगितलं, कुठल्याही भाषेत म्हणू देत, वरून जपानी आवाज चढवणार आहोत. आमच्यातले निम्मे लोक अशा वेळी नुसते आकडे मोजतात. हे मी बाईंना सांगायला हवं होतं. पण त्यांनी सकाळपासून माझं डोकं पिकवलं होतं. ही शेजारीण विधवा आहे का, विचारा. दारामागच्या माणसावर तिचा जीव होता का, विचारा. मी विचारत होते, दिग्दर्शक माझी कीव केल्यासारखा बघत होता, आणि मला एकदाचं घरी जायचं होतं. म्हणून एवढंच म्हटलं, जर्मनमध्ये म्हणा, चालेल.

आणि बाईंनी ते असं म्हटलं की केबल गुंडाळणारा माणूससुद्धा हातातलं काम सोडून बघत राहिला. माझा वैताग आणखी वाढला, कारण आता तर खरं सांगायची सोयच उरली नाही.

कार्यक्रम लागला त्या संध्याकाळी मुलगी आणि जावई कामावर, त्यामुळे दुभाषी म्हणून मला आमंत्रण. टाळायला निमित्त शोधत होते, धड एक सुचेना. बाईंनी नातीला नवा फ्रॉक घातला होता, केक आणला होता. टीव्हीवर शेजारीण दारात आली, तिनं तोंड उघडलं. बाईंचा आवाज जेमतेम एक शब्द ऐकू आला, आणि त्यावर कुणा तरण्या मुलीचा लाडिक जपानी आवाज पसरला. बाईंनी माझ्याकडे पाहिलंही नाही. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

नात टाळ्या पिटत उठली आणि मधेच थांबली. टीव्हीकडे पाहिलं, आजीकडे पाहिलं.

"आजी, तुला इतकं छान बोलता येतं," ती जपानीत म्हणाली, "मग माझ्याशी का नाही बोलत?"

बाईंनी मला विचारलं, काय म्हणते ती?

केक आवडला म्हणते, असं सांगणं अगदी जिभेवर आलं होतं. पण एकदा अर्धं सांगून मी काय करून ठेवलं होतं, ते समोरच बसलेलं होतं. मी शब्द न् शब्द सांगितला.

बाई नातीकडे वळल्या. तिला नीट समजावून सांगते म्हणून मी तोंड उघडलं, तर त्यांनी हातानंच मला गप्प केलं.

"तुम्ही नका सांगू," त्या म्हणाल्या. "तो माझा आवाज नव्हता, हे जपानीत कसं म्हणतात ते मला शिकवा. मी म्हणेन."