भिंतीपलीकडचा ठेका

ठोक्याला मी किती ओळखत होतो, असं कुणी विचारलं तर फारसं नाही, हेच खरं. आम्ही एकाच छापखान्यात, तो मशीनवर आणि मी बाइंडिंगला. त्याच्या घरी मी कधी गेलो नाही, त्यानं लग्न का केलं नाही हेही कधी विचारलं नाही. परदेशात जे घडलं ते त्याच्या धाकट्या बहिणीनं मला सांगितलं, आणि लिहायचा आग्रहही तिचाच. मला लिहायची सवय नाही. जमेल तसं मांडतो.

सकाळची पाळी संपली की ठोक्या हातावरची शाई रॉकेलनं पुसून मागच्या कागदाच्या गोदामात जायचा. तिथे त्याचे ड्रम मांडलेले असत. बहीण गायची. बोका नावाचा घाऱ्या डोळ्यांचा जाडजूड मुलगा गिटार वाजवायचा, आणि शाळेत शिकवणारा मास्तर बेस गिटार. कागदाच्या थप्प्यांमुळे आवाज रस्त्यावर जात नसे, म्हणून मालकांनीही कधी हरकत घेतली नाही. मधल्या भिंतीला लागूनच छपाईचं मशीन, आणि दुसऱ्या पाळीत ते चालूच असायचं. कागद अडकून मशीन थांबलं की गोदामात ठोक्याचे हात थांबत, चौघं पाणी पिऊन घेत, आणि मशीन सुरू झालं की पुन्हा वाजवायला बसत. वर्षानुवर्षं हे असंच चाललं होतं. कुणाला त्यात वावगं वाटलं नाही.

मग एका परदेशी संगीत कंपनीनं त्यांची गाणी ऐकून बोलावणं धाडलं. एकदा समोर वाजवून दाखवा, पसंत पडलं तर एका मोठ्या बँडबरोबर गावोगावचा दौरा. मास्तरनं शाळेतली नोकरी सोडली. बहिणीनं ठरलेलं लग्न पुढे ढकललं. बोक्याच्या वडिलांनी त्याच्याशी बोलणं टाकलं. एवढं मागे टाकून चौघं त्या हॉलमध्ये उभे राहिले.

हॉलच्या भिंतींना जाड गादी लावलेली, खाली गालिचा. ठोक्यानं काठ्या हातात घेतल्या आणि त्याला चमत्कारिक वाटलं. कानात काहीतरी कमी होतं. काय ते कळेना. गाणं सुरू झालं आणि दुसऱ्या कडव्यातच लय चढू लागली. आवरायला गेला तर आणखीच सुटली. बहीण शब्द गिळत गिळत कशीबशी शेवटाला पोहोचली.

कंपनीची बाई समोर हाताची घडी घालून बसली होती. ती म्हणाली, "उद्या सकाळी पुन्हा एकदा ऐकते. ड्रम असेच वाजले तर दौऱ्यावर आमचा माणूस बसवू."

बाहेरच्या बोळात कुणी कुणाकडे बघेना.

"दादा, गाडी पकडायची होती का?" बोका म्हणाला.

"गप रे," बहीण म्हणाली.

ठोक्या बोळातल्या थंड पेयांच्या कपाटाला टेकला. कपाट घुरघुरत होतं. पाठीला ती थरथर लागली आणि त्याच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला.

"मशीन नाहीये इथे," तो म्हणाला.

"कसलं मशीन?"

"भिंतीपलीकडचं. लय मी धरतोय असं आपल्याला वाटायचं. लय त्याची होती. मी नुसता त्याच्या मागून चालायचो."

मास्तर उसळला. "आता सांगतोस होय? घरदार सोडून आलोय आम्ही."

"म्हणजे बँडमध्ये पाचवा होता," बोका म्हणाला, "आणि आपण त्याचं तिकीटच काढलं नाही."

मग ठोक्यानं मला फोन लावला. "काका, मशीन चालू आहे?"

"चालू आहे. का रे?"

"फोन जरा त्याच्याजवळ धरा. मी सांगेपर्यंत हलू नका."

मी धरला. बरंच काही छापून झालं, हात भरून आला. तिकडे बोका आपल्या फोनवर ते टिपून घेत होता.

सकाळी ठोक्या एका कानात वायर घालून बसला. सुरुवातीचा भाग त्यानं ऐकून पाहिला होता, पुढचं ऐकायला उसंत मिळाली नव्हती. पहिलं गाणं रुळावर राहिलं. दुसरंही. मास्तरच्या चेहऱ्यावर रंग आला. तिसऱ्या गाण्याच्या मध्यावर, ठोक्याच्या कानात, आमच्या छापखान्यातला कागद अडकला. मशीन थांबलं.

आणि ठोक्याचे हात थांबले.

सवय ती. मनात यायच्या आत काठ्या मांडीवर आल्या. मास्तर आणि बोकाही गप्प झाले, कारण ठोक्या थांबला की थांबायचं, हे त्यांच्याही अंगात मुरलेलं. एकटी बहीण गात राहिली. तिनं मागे वळून पाहिलं नाही. मी वळले असते तर सगळं संपलं असतं, असं ती मला म्हणाली. एकही शब्द सोडला नाही.

ठोक्यानं वायर ओढून काढली. आता धरायला काहीच नव्हतं. समोर फक्त बहिणीची पाठ होती. इतकी वर्षं तो तिच्या मागे बसत होता, पण तिच्याकडे बघायची गरज कधी पडली नव्हती. प्रत्येक ओळीआधी ती श्वास घ्यायची, तेव्हा तिचे खांदे किंचित वर जायचे. त्यानं एक ओळ जाऊ दिली. दुसरी जाऊ दिली. तिसऱ्या श्वासाला तो काठ्या उचलून आत शिरला, आणि पाठोपाठ बाकीचे दोघं. शेवटपर्यंत लय हलली नाही.

बाईनं हाताची घडी सोडली. मग म्हणाली, "ते मध्ये थांबणं छान आहे. दौऱ्यात रोज ठेवा."

त्यांचं नाव फार मोठं झालं असं नाही. मोठ्या बँडच्या आधी अर्धा तास वाजवायचं, लोक तेव्हा खुर्च्या शोधत असायचे. पण वाजवत राहिले, दरवर्षी कुणी ना कुणी बोलावत राहिलं. ठोक्या तिकडेच एका गावात, कार्यक्रमाहून परतल्यावर झोपेत गेला.

त्याच्या थोडे दिवस आधी त्याचा फोन आला होता. मालकांनी मशीन विकायला काढलंय, असं मी सांगितलं. "पुन्हा टिपून घ्यायचं असेल तर आत्ताच घे बाबा."

"नको काका. आता तिच्याकडे बघून वाजवतो."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"गुडघा कसा आहे तुमचा?" त्यानं विचारलं.

"आहे तसाच. जिन्यावर बोलतो."

"तेल लावत जा."

"लावतो."

"बरं, ठेवू?"

"ठेव."