उठल्यावर विचारायचे तीन प्रश्न

माणसं जागी होताना त्यांच्या समोर असायचं, हे सिस्टरचं काम. ऑपरेशन करणारे वेगळे, भूल देणारे वेगळे. ही रिकव्हरी रूममधली. लांबट खोली, सहा कॉट, प्रत्येक कॉटच्या उशाशी ऑक्सिजनची नळी. आत ढकलत आणलेला माणूस भुलीतून वर येईपर्यंत ही त्याच्या उशाशी उभी. डोळे किलकिले झाले की तीन प्रश्न. नाव काय तुमचं? कुठे आहात? सोबत कोण आलंय? तिन्ही उत्तरं नीट आली की भिंतीवरच्या घड्याळात बघून कागदावर वेळ लिहायची आणि पेशंट वॉर्डात पाठवायचा.

एकतीस वर्षं हेच चाललं होतं. दुसरी कुणी असती तर एव्हाना जांभया देत उभी राहिली असती. हिला मात्र दर वेळी तितकंच नवल वाटायचं. घटकाभरापूर्वी हाक मारली तरी हूं की चूं न करणारा माणूस डोळे उघडतो आणि स्वतःचं नाव बिनचूक सांगतो. मधल्या वेळात ते नाव कुठे होतं, कुणी सांभाळलं, हे कोडं तिला सुटलं नव्हतं. भूल देणाऱ्या डॉक्टरांना तिने एकदा विचारलंही होतं. ते म्हणाले, "सिस्टर, मी झोपवतो. पुढचं मला विचारू नका."

तिचे दोन नियम होते. पेशंटचा चष्मा, कवळी, अंगठी, जे काही काढून घेतलं असेल ते पिशवीत घालून, वर चिठ्ठी लावून, त्याच्या उशाशी ठेवायचं. जाग आल्यावर माणूस सगळ्यात आधी आपली वस्तू शोधतो. आणि दुसरा, काही झालं तरी कॉटवर बसायचं नाही. शिकाऊ असताना पाय भरून आले म्हणून एकदा रिकाम्या कॉटच्या कडेला टेकली होती, तेव्हा मेट्रनने साऱ्या वॉर्डासमोर तिची अशी काही हजेरी घेतली की त्यानंतर पाहुणी म्हणून गेली तरी ही लोकांच्या पलंगाला टेकत नसे.

आता या बाईचा आणि खेळाचा काय संबंध, तर संबंध तिच्या धाकट्या भावाचा. ढब्या त्याचं घरातलं नाव. समुद्रापलीकडे एका बंदरात क्रेन चालवायचा. बावन्न वर्षांचा घोडा, पण कंप्युटरवर एक खेळ खेळायचा. ठोकळ्यांचं जग; झाडं चौकोनी, ढग चौकोनी, गाईसुद्धा चौकोनी. झाड तोडा, घर बांधा, जमीन खणा, अंधार पडला की राक्षसांपासून जीव वाचवा. फोनवर त्याचं बोलणं "बरा आहे, तू बरी आहेस ना" इथे आटपायचं. एकदा तो म्हणाला, "ताई, तू खेळात ये. तिथे गप्पा होतील." ताईच्या कानाचं दुखणं असं की डॉक्टरांनी तिला विमान कायमचं बंद केलेलं. म्हणजे भेटायचं तर तिथेच.

पहिल्याच रविवारी दुपारी ती कड्यावरून पडली. पडदा लाल झाला, तू मेलीस अशी पाटी आली, आणि खाली एक बटण.

"आता?" तिने विचारलं.

"दाब ते," कानाला लावलेल्या यंत्रातून ढब्या म्हणाला.

तिने दाबलं. हिरवी टेकडी, कोवळं ऊन, आणि ही ठणठणीत उभी. हात मात्र रिकामे. कुऱ्हाड नाही, पाव नाही, काही नाही.

"माझ्या वस्तू?"

"पडलीस तिथेच. पाच मिनिटांत उचलल्या तर तुझ्या, नाहीतर गेल्या."

सिस्टर कितीतरी वेळ त्या टेकडीकडे बघत राहिली. ज्याने कुणी हा खेळ केला त्याला हे कुणी सांगितलं असेल, असं तिच्या मनात आलं. माणूस परत येतो तो असाच येतो, रिकाम्या हाताने, आणि आधी वस्तूंची चौकशी करतो. पाच मिनिटं तशीच निघून गेली. ढब्याला वाटलं, ताई घाबरली.

मग त्याने नियम समजावला. मेल्यावर माणूस जगाच्या आरंभाच्या जागी उठतो, तीच ती टेकडी. पण एखाद्या खाटेवर एकदा जरी आडवा झाला, तर पुढच्या वेळेपासून त्या खाटेशी उठतो. खाट मोडली, तर पुन्हा टेकडी. ढब्याचं घर टेकडीपासून वीस मिनिटं चालत. त्याने तिच्यासाठी निळी खाट करून आपल्या लाल खाटेशेजारी मांडली.

"आडवी हो, ताई."

"नंतर," ताई म्हणाली.

तिला ते जमेना. पडद्यावरची का असेना, कॉट ती कॉट. अंधार पडला की ही दाराशी उभी राहायची, ड्यूटीवर असल्यासारखी, आणि हमखास मरायची. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात. हिची तर अकरा वेळा मरूनही गेली नाही. दर वेळी टेकडीवर उठायची, आणि दर वेळी ढब्या सगळं टाकून तिला न्यायला यायचा. शिव्या घालत यायचा, पण यायचा. त्या वीस मिनिटांच्या वाटेवर मात्र तो बोलायचा. आई गेली तेव्हा पोचता आलं नाही ते बोलला. क्रेनवर एकटं बसून दिवसच्या दिवस कुणाशी शब्द होत नाही ते बोलला. आणि एका रविवारी, चौकोनी नदी ओलांडताना, डोक्यात गाठ आहे आणि ती काढायची आहे हेही बोलला.

"कधी?"

"पुढच्या महिन्यात. सांभाळ, मागे राक्षस आहे."

राक्षसाचं तिने काय केलं कुणास ठाऊक. पण पुढचा महिना काही आला नाही. पुढच्याच रविवारी दोघं खाणीत उतरलेले असताना ढब्याचा पाय घसरून तो तापलेल्या दगडांवर पडला आणि मेला. त्याच वेळी त्याच्या घरचा फोन वाजला. तिला त्याचं अर्धंच बोलणं ऐकू आलं. "आज? आत्ता?" मग तो परत आला. "ताई, हॉस्पिटलात जागा झाली. आजच बोलावलंय, उद्या सकाळी ऑपरेशन. निघतो."

"ढब्या, बटण दाब आधी."

तो गेलेला होता.

म्हणजे खेळात तो मेला होता आणि उठला नव्हता. सिस्टरने घड्याळात पाहिलं. पाच मिनिटं. ती खाली उतरली, निखाऱ्यांच्या कडेकडेने त्याच्या वस्तू वेचल्या. कुदळ, मशाली, अर्धा पाव, आईच्या आवडीची म्हणून उगाच जवळ बाळगलेली पिवळी फुलं. घरी आणून त्याच्या लाल खाटेच्या उशाशी पेटीत ठेवल्या आणि वर पाटी लावली: ढब्याचं सामान.

त्याचं जग दूरच्या कुठल्याशा मशीनवर चालायचं. तो नसला तरी रात्री व्हायच्या, राक्षस यायचे. त्यातला एक हिरवा जवळ येऊन फुटतो आणि भिंतीसकट सगळं उडवतो. लाल खाट उडाली तर ढब्या जागा होणार टेकडीवर, एकटा, आणि तिथे त्याला न्यायला कुणी नसणार. हा खेळ आहे हे तिला कळत होतं. पण समुद्रापलीकडच्या त्या खोलीत उशाशी उभी राहणारी सिस्टर दुसरीच कुणीतरी होती, आणि हिच्या हातात एवढीच एक खाट होती.

सोमवारी तिने एकतीस वर्षांत दुसऱ्यांदा रजा काढली आणि दुपारी खेळात जाऊन बसली. घरात दार राखून उभं राहावं, तर आपण मेल्यावर टेकडीवर जाणार आणि यायला वीस मिनिटं लागणार. तेवढ्यात इथे काय होईल? ती निळ्या खाटेसमोर उभी राहिली. मेट्रन जाऊन वीस वर्षं झाली होती, तरी तिने एकदा मागे वळून पाहिलं. मग आडवी झाली.

त्या दुपारी ती सहा वेळा मेली. सहाही वेळा लाल खाटेच्या बाजूला उठली, वस्तू वेचल्या, पडलेली भिंत बांधली, पुन्हा दारात. मधे फोन वाजला. ढब्याची बायको होती.

"ताई, गाठ निघाली. पण हे अजून जागे होत नाहीयेत. डॉक्टर म्हणतात, थांबा."

"त्यांना सांग, नावाने हाक मारत राहा म्हणावं," सिस्टर म्हणाली. "आणि घरातलं नाव सांग त्यांना. कागदावरच्या नावाला तो लहानपणापासून ओ देत नाही."

फोन ठेवल्यावर ती रडली. रडत रडतच भिंत बांधली, त्यामुळे ती वाकडी झाली.

ढब्याने डोळे उघडले दुसऱ्या दिवशी पहाटे. उजवा हात जड, बोलणं अडखळत, पण माणूस जागा. सिस्टरने देवाला हात जोडले आणि ड्यूटीवर गेली. त्यानंतर रोज दुपारी घरी आल्यावर तासभर ती त्या वाकड्या भिंतीच्या घरात राहायची. खाट जागेवर, पेटी जागेवर. पिवळी फुलं तिने वेगळी ठेवून त्यांना वेगळी पाटी लावली होती.

सहाव्या रविवारी ती दाराशी उभी असताना मागे काहीतरी हललं. वळून बघते तर लाल खाटेच्या बाजूला ढब्या. रिकाम्या हाताने, भिंतीकडे तोंड करून. इतक्या माणसांना तिने परत येताना पाहिलं होतं, तरी राखायचं दार ती विसरली. कानात त्याचा श्वास ऐकू येत होता, जरा जोरात, डाव्या हाताने बटणं शोधणाऱ्या माणसाचा.

ती जवळ गेली. आवाज ड्यूटीवरचाच लावला.

"नाव काय तुमचं?"

कानात बटणांची खटखट. मग, "ढ... ढब्या."

"कुठे आहात?"

"घरी." तो थांबला. "भिंत कुणी बांधली ही? वाकडी आहे."

"सोबत कोण आलंय?"

तो हळूहळू भिंतीकडून तिच्याकडे वळला. तिने मधे एक शब्द घातला नाही. पेशंटला उत्तर सुचवायचं नसतं.

"ताई," तो म्हणाला. "ताई आलीये."

सिस्टरने आपल्या घरच्या भिंतीवरच्या घड्याळात पाहिलं. दोन वाजून दहा मिनिटं. शेजारी विजेचं बिल पडलं होतं, त्याच्या मागे तिने वेळ लिहून ठेवली.